मरायची सवय असलेले शेन काका

मी ज्या माणसासाठी ॲम्ब्युलन्स बोलावली तो मेला नव्हता. तो रियाज करत होता.

झालं असं, की हर्नडनमधल्या आमच्या टाऊनहाउसांच्या दोन रांगांमध्ये एक सामायिक हिरवळ आहे. एप्रिलमधली सकाळ होती. ऑफिसची मीटिंग कानात घालून मी कचऱ्याचा रिकामा डबा आत ओढत होतो. हिरवळीवर राखाडी ट्रॅकसूट घातलेले एक चिनी म्हातारे गृहस्थ लांब कुठेतरी नजर लावून उभे होते. अचानक त्यांचा हात छातीशी गेला. ते अर्धवट वळले, गुडघ्यात वाकले आणि गवतावर आडवे झाले. मग हलेचनात.

मी डबा सोडला. मीटिंग सोडायला मात्र विसरलो. नाइन-वन-वन फिरवून मी इतका ओरडलो, की मीटिंगमधल्या सगळ्यांना आमच्या गल्लीचा पत्ता पाठ झाला असेल. आधी आगीचा बंब आला, मग ॲम्ब्युलन्स, मग पोलीस. मी रस्त्यात उभा राहून दोन्ही हातांनी त्यांना इकडे या, इकडे या, असं करत होतो. तेवढ्यात लक्षात आलं, की माझ्याशेजारी आणखी कोणीतरी उभं आहे. तेच गृहस्थ. मान उंच करून, कोणाला काय झालं बुवा, अशा चेहऱ्याने ते बंबाकडे बघत होते. चेहऱ्यावर खरी काळजी होती.

समोरच्या घरातून त्यांची मुलगी बाहेर आली. ती ॲम्ब्युलन्सवाल्यांना एकच वाक्य म्हणाली, आणि ते याआधीही पुष्कळदा म्हटल्यासारखं म्हणाली, "ही इज ॲन ॲक्टर. ही प्रॅक्टिसेस डाइंग."

घरी आल्यावर वैशालीने, म्हणजे आमच्या सौभाग्यवतीने, सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मेलेला माणूस तुझ्या शेजारी उभा होता आणि तू त्याला न्यायला गाडी बोलावत होतास?"

संध्याकाळी मी आयसेलिनच्या देशी दुकानातून आणून ठेवलेल्या आंबा बर्फीचा डबा घेऊन माफी मागायला गेलो. मुलीचं नाव लिन. ती दातांच्या दवाखान्यात काम करायची. डबा घेताना म्हणाली, "थँक यू, पण मी गोड खात नाही." दातांच्या दवाखान्यातली बाई म्हटल्यावर मला ते रास्तच वाटलं. तिच्या वडिलांना मात्र असलं काही बंधन नव्हतं. त्यांनी एक बर्फी तोंडात टाकली, दुसरी हातात धरली आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "मिस्टर नाइन-वन-वन!"

पुढे शेवटपर्यंत त्यांनी मला याच नावाने हाक मारली. माझं नाव प्रकाश आहे हे त्यांना कधी कळलं की नाही, देव जाणे. आम्ही त्यांना शेन काका म्हणू लागलो.

शेन काकांची सगळी हयात चिनी युद्धपटांत गेली. घोड्यावर बसता येतं एवढ्या भांडवलावर उत्तरेकडच्या कुठल्याशा गावातून ते स्टुडिओत गेले. पहिलं काम मिळालं ते प्रेताचं. ते नीट केलं म्हणून पुढे जखमी झाले. मग उभा शिपाई, मग एक वाक्य बोलणारा शिपाई, मग कप्तान, आणि केस पांढरे झाल्यावर सेनापती. आमच्या आयटीत माणूस जिवंत रुजू होतो आणि वर्षागणिक त्याचं प्रेत होत जातं. शेन काका प्रेत म्हणून लागले आणि बढती मिळत मिळत जिवंत झाले. पण सेनापती झाले तरी मरण सुटलं नाही. पहिल्या दहा मिनिटांत यायचं ते शेवटच्या प्रसंगापर्यंत लांबलं, इतकंच.

"किती वेळा मेलात?" मी एकदा विचारलं.

त्यांनी स्टीलच्या थर्मासमधून गरम पाण्याचा घोट घेतला. उन्हाळा असो, हिवाळा असो, ते गरम पाणीच प्यायचे. मग हाताने वाऱ्यावर उडवून लावल्यासारखं केलं. म्हणजे मोजणं सोडून दिलंय. एका सिनेमात माणसं कमी पडली, म्हणून सकाळी या सैन्यात आणि दुपारी शिरस्त्राण बदलून त्या सैन्यात, असं काम त्यांनी केलं होतं. "मी, मला मारलं," असं छातीवर बोट ठेवून ते म्हणाले आणि इतके हसले की थर्मास कलंडला.

आमचं संभाषण त्यांचं तोडकं इंग्रजी, माझं नागपुरी इंग्रजी आणि त्यांच्या फोनमधली भाषांतर करणारी बाई, अशा तिघांत चालायचं. ते फोनला चिनीत काहीतरी तावातावाने सांगायचे आणि ती बाई विमानातल्या हवाईसुंदरीच्या आवाजात म्हणायची, "प्लीज डाय मोअर स्लोली."

आपल्या धंद्याबद्दल त्यांची मतं ठाम होती. चार जुलैची आतषबाजी बघायला आम्ही त्यांना घेऊन गेलो. सगळे आकाशाकडे बघून 'वॉव' म्हणत होते आणि शेन काका नाक वर करून वास घेत होते. शेवटी फोनमधल्या बाईने निकाल दिला. आवाज चांगला, धूर फारच कमी. एवढ्या धुरात सैन्य लपणार नाही.

बाणाने मरणं आणि गोळीने मरणं यांत त्यांच्या लेखी जमीनअस्मानाचा फरक होता. गोळी लागली की विचार करायला वेळ नसतो. बाणाचं तसं नाही. बाण लागला की आधी आश्चर्य वाटलं पाहिजे, मग अपमान, मग वेदना. नवखे नट थेट वेदनेवर येतात, तिथेच चुकतात. आमच्या कंपनीतून काही जणांना काढलं तेव्हा मी ती ईमेल उघडणाऱ्यांचे चेहरे पाहिले आहेत. क्रम अगदी हाच होता.

आणि हिरवळीवरचा तो रोजचा रियाज? त्यामागे हिशोब होता. म्हातारा माणूस पडला की हाड मोडतं, कारण तो पडताना जमिनीशी भांडतो. शेन काकांना जमिनीशी असलेली जुनी ओळख तुटू द्यायची नव्हती. "नो हरी," ते म्हणायचे. "ग्राउंड नॉट रन अवे."

हे वाक्य माझ्या कामी आलं ते आमच्या मराठी मंडळाच्या नाटकात.

दिवाळीच्या कार्यक्रमाला आमचं मंडळ शाळेचं ऑडिटोरियम भाड्याने घेऊन एक ऐतिहासिक नाटक करतं. त्या वर्षीचं नाटक वैशालीने लिहिलं होतं आणि दिग्दर्शनही तिचंच. शत्रूने वेढलेला किल्ला, एकेक करून पडणारे मावळे, आणि शेवटी बुरुजावर उरलेला एक म्हातारा पहारेकरी. मदत येईपर्यंत तो मशाल विझू देत नाही. उजाडताना मदत येते, तो तांब्यातून पाणी पितो आणि पडदा. मला पहिल्या अंकात मरणाऱ्या मावळ्याचं काम होतं. नवरा असल्यामुळे मिळालं आणि नवरा असल्यामुळेच जास्त बोलणी बसली.

"अरे, तू मरतोयस असं वाटत नाही. जेवण झाल्यावर सोफ्यावर आडवा होतोयस असं वाटतं!"

ते खरं होतं. मी आधी मऊ जागा बघायचो, मग चष्मा सांभाळायचो, मग पडायचो. एकदा तर मेल्यावर चष्मा घ्यायला सरपटत परत आलो.

म्हणून मी शेन काकांकडे शिकवणी लावली, आणि मग माझ्याबरोबर तेच तालमीला येऊ लागले. आमच्या बेसमेंटमध्ये गालिच्यावर डेटाबेसवाले, टेस्टिंगवाले, एक भूल देणारे डॉक्टर असे सगळे ओळीने उभे राहायचे आणि शेन काकांनी टाळी वाजवली की कोसळायचे. प्रत्येकाच्या मरणाला ते अंगठ्याने गुण द्यायचे. माझा अंगठा बरेच दिवस आडवाच राहिला.

नाटक जवळ आलं आणि पहारेकऱ्याचं काम करणारा आमचा मित्र व्हिसाचा शिक्का घ्यायला भारतात गेला तो तिथेच अडकला. तालमीत सगळे डोक्याला हात लावून बसले. वैशाली मात्र कोपऱ्यात गरम पाणी पीत बसलेल्या शेन काकांकडे बघत होती.

मंडळाचे अध्यक्ष भोसेकर तिची नजर ओळखून म्हणाले, "वहिनी, नको. मावळा चिनी?"

"मागच्या वर्षी तुमचा सरदार हातात स्मार्टवॉच घालून लढला. ते चाललं ना?"

"अहो, पण संवाद?"

"सगळे कापते. बुरुजावर एकटा माणूस कोणाशी बोलणार आहे?"

ती शेन काकांसमोर गालिच्यावर बसली आणि फोनमधल्या बाईमार्फत सगळी गोष्ट सांगितली. ऐकून झाल्यावर त्यांनी धंदेवाईक माणसाचा नेहमीचा प्रश्न विचारला. "कुठे मरतो?"

"नाही मरत."

त्यांना वाटलं फोन चुकला. त्यांनी परत विचारलं. तिने परत सांगितलं. शेवटपर्यंत जगतो. पडदा पडतो तेव्हाही उभा असतो.

शेन काका बराच वेळ थर्मासच्या झाकणाशी चाळा करत राहिले. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "मिस्टर नाइन-वन-वन. यू टेल लिन."

एवढंच मागितलं त्यांनी. लिनने नाटकाला यावं. त्यांचं आणि लिनचं काय आहे ते मला तोवर माहीत नव्हतं. ते लिननेच सांगितलं, दारातल्या पायरीवर बसून.

त्यांच्याकडे एक रिवाज आहे. सिनेमात मरणाऱ्या नटाला शूटिंग संपलं की लाल पाकीट मिळतं, आत एखादी नोट. ती घरी न्यायची नाही, वाटेतच खर्च करून टाकायची, म्हणजे ते खोटं मरण माणसाच्या मागोमाग घरात येत नाही. शेन काका त्या नोटेचं गोड घ्यायचे. काडीला ओवलेली, पाकात घोळवलेली लाल आंबटगोड फळं. लहानगी लिन फाटकाशी वाट बघायची. बाबांनी काडी आणली की दिवस सोन्याचा.

मग एकदा स्टुडिओच्या वसाहतीत मैदानात पडदा लावून सिनेमा दाखवला. लिनने पडद्यावर बाबांना मरताना पाहिलं आणि किंचाळली. ती गप्प व्हावी म्हणून कोणीतरी मोठ्या माणसाने समजावलं, की अगं हे खोटं असतं, याबद्दल तर त्यांना पाकीट मिळतं, त्याचंच तर तू गोड खातेस.

"त्या दिवसापासून मी गोड सोडलं," लिन म्हणाली. "आणि त्यांचे सिनेमेही. सगळे म्हणायचे, ॲक्टिंग आहे. पण ते रोज सकाळी कामाला जायचे. आज जे होणार ते खोटं आहे की खरं, हे मी कसं ओळखायचं?"

मी म्हटलं, "या नाटकात ते मरत नाहीत."

"प्रॉमिस?"

"माझी बायको डायरेक्टर आहे. तिच्या परवानगीशिवाय तिथे कोणी मरत नाही."

ती हसली. येते म्हणाली नाही, पण नाहीही म्हणाली नाही.

वचन देऊन बसलो आणि दुसऱ्याच दिवशी घोटाळा लक्षात आला. शेवटच्या प्रवेशात, मदत यायच्या जरा आधी, शत्रूची एक गोळी पहारेकऱ्याच्या कानाजवळून जाते. साउंड भोसेकरांकडे. त्यांनी लॅपटॉपवर बटण दाबलं, 'ठो' झालं, आणि शेन काका मेले. इतके सुरेख मेले की सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. वैशाली कपाळ धरून बसली.

"काका, नाही मरायचं!"

ते ओशाळून उठले. पुन्हा 'ठो', पुन्हा काका गालिच्यावर. जन्मभर बंदुकीच्या आवाजाला ज्या शरीराने एकच उत्तर दिलं, ते आता ऐकायला तयार नव्हतं. मग रोज संध्याकाळी आमच्या बेसमेंटमधून वैशालीच्या आरोळ्या वर यायच्या. "काका, मरू नका! शेन काका, मरू नका!" हेच तेवढं मराठी ते शिकले. आमच्या दारावरून जाताना मला ऐकवायचे, "मरू नका, मरू नका," आणि मान हलवायचे. फार अवघड काम, असं.

शेवटी वैशालीने त्यांच्या हातात तांब्या दिला. काठोकाठ भरलेला. नाटकात तो बुरुजाच्या कठड्यावर ठेवलेला असायचा, आता पूर्ण प्रवेशभर हातात. म्हणाली, हे किल्ल्यातलं शेवटचं पाणी आहे, सांडलं तर दुसरं नाही. शेन काकांनी तांब्यात डोकावून पाहिलं. नटाच्या हातातली वस्तू त्यांच्यासाठी पवित्र होती. त्या दिवशी 'ठो' झालं तेव्हा ते गुडघ्यात वाकले, पाणी थोडंसं सांडलं, आणि ते थांबले. दुसऱ्या दिवशी मात्र पुन्हा आडवे. कधी जमायचं, कधी नाही.

प्रयोगाच्या दिवशी शाळेने स्टेजवर नारळ फोडायला मनाई केली होती, म्हणून तो पार्किंगमध्ये फोडला. चिनी सिनेमावाल्यांकडेही शूटिंगच्या आधी उदबत्त्या लावतात म्हणे. शेन काका पगडी, मिशा आणि बाराबंदी घालून नारळापुढे कमरेत वाकले. भोसेकर माझ्या कानाशी म्हणाले, "कोण रे हा? चांगला दिसतोय!"

पहिल्या अंकात मी मेलो. आधी आश्चर्य, मग अपमान, मग वेदना, आणि चष्मा तिथेच राहू दिला. विंगेत आलो तेव्हा शेन काकांचा अंगठा प्रथमच सरळ उभा होता. मी पडद्याच्या फटीतून प्रेक्षकांत पाहिलं. लिन आली होती. शेवटच्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर, कोट अंगावर तसाच. उठून जायला सोपं पडावं अशी बसली होती.

शेवटचा प्रवेश सुरू झाला. नारिंगी कागद लावलेली विजेची मशाल एका हातात, तांब्या दुसऱ्या हातात, आणि शेन काका बुरुजावर नुसते उभे. संवाद नाही, काही नाही. त्यांनी एकदा लांब पाहिलं आणि त्या शाळेच्या ऑडिटोरियममध्ये मला खरंच दरी दिसली. खोकणारे खोकायचे थांबले. आणि भोसेकरांनी, प्रयोग आहे म्हणून आवाज आणखी वाढवून, बटण दाबलं.

शेन काकांचा खांदा मागे गेला. ते अर्धवट वळले. मी ते वळणं ओळखलं, हिरवळीवर पाहिलेलं. मागच्या रांगेत लिन उभी राहिली. माझ्या शेजारी वैशालीने तोंड उघडलं आणि आपल्याच हाताने घट्ट दाबून धरलं. काकांचा एक गुडघा जमिनीला टेकला. मशाल घरंगळत गेली. तांब्या कलला, कलला, आणि तिथेच थांबला.

किती वेळ तसे होते कोण जाणे. भोसेकर म्हणतात क्षणभर, पण त्यांना वेळेचं भान असतं तर आमची नाटकं एवढी लांबली नसती. मग शेन काकांनी नजर तांब्यावरून उचलून सरळ मागच्या रांगेकडे नेली, टेकलेला गुडघा सावकाश उचलला आणि उठले. मशाल उचलली. पहाटेचा पिवळा दिवा लागला तेव्हा त्यांनी तांब्या तोंडाला लावला आणि सगळं पाणी, न थांबता, उभ्याने प्यायले.

टाळ्यांत मी लिनकडे पाहिलं. ती खाली बसली होती. कोट काढून मांडीवर घेतला होता.

पार्किंगमध्ये मिशा अजून लावलेल्याच होत्या. शेन काकांनी बाराबंदीतून लाल पाकीट काढलं आणि माझ्या हातात दिलं. आज तू मेलास. घरी नेऊ नको. म्हणून आम्ही चौघं वाटेत पेट्रोल पंपावर थांबलो आणि मी त्या नोटेचे शेंगदाणे घेतले. शेन काकांसाठी पाकीट नव्हतंच, ते मेले नव्हते ना. पण लिन माझ्या मागोमाग दुकानात आली, गोळ्यांच्या मांडणीसमोर पुष्कळ वेळ उभी राहिली आणि आपल्या पैशांनी काडीला लावलेल्या दोन लाल गोळ्या घेतल्या. एक वडिलांच्या हातात दिली. दुसरीचा कागद काढून स्वतःच्या तोंडात घातली. शेन काका मिशीखालून गोळी चोखत तिच्याकडे बघत राहिले. मी शेंगदाणे खाल्ले.

जानेवारीत आमच्या दारातल्या बर्फावरून माझा पाय सटकला. मी जमिनीशी भांडलो नाही, खांदा सोडला, गुडघा सोडला, आणि कचऱ्याच्या डब्याशेजारी व्यवस्थित आडवा झालो. काही मोडलं नाही. समोरच्या खिडकीत शेन काका उभे होते. त्यांनी हातात फोन घेतला होता आणि नाइन-वन-वन फिरवल्याचा अभिनय करत होते. आज या वयात माझी कंबर शाबूत आहे ती त्यांची देणगी आहे, हे मला प्रत्येक हिवाळ्यात आठवतं.

मार्चमध्ये त्यांना तिकडून बोलावणं आलं. कोणी तरुण दिग्दर्शक युद्धपट करत होता, त्याला म्हातारा सेनापती हवा होता.

"मरतो का?" मी विचारलं.

त्यांनी हात पसरले. स्क्रिप्ट अजून आलं नव्हतं.

लिनने जाऊ दिलं. एकच अट घातली. मरायचं असेल त्या दिवशी सकाळी फोन करायचा. खोटंखोटं मरणार आहे, असं आधी सांगायचं.

डलेस विमानतळावर आम्ही दोघंही गेलो होतो. लिन त्यांचा हात धरून तपासणीच्या रांगेपर्यंत गेली आणि मागे आली. रांगेच्या तोंडाशी अधिकाऱ्याने त्यांचा थर्मास पाहिला आणि पाणी आत नेता येणार नाही म्हणून सांगितलं. तेवढ्यात मागे कोणाच्या तरी हातातून ट्रे पडला. मोठ्ठा आवाज झाला. माणसं दचकली, एक बाळ रडायला लागलं. आम्ही तिघांनीही एकदम शेन काकांकडे पाहिलं. ते सरळ उभे होते. त्यांनी झाकण उघडलं, थर्मास तोंडाला लावला आणि सगळं पाणी, घाई न करता, उभ्याने प्यायले. रिकामा थर्मास उलटा करून अधिकाऱ्याला दाखवला, आमच्याकडे बघून अंगठा सरळ केला आणि आत गेले.

लिन तिच्या गाडीने गेली. आम्ही आमच्या. हर्नडनची एक्झिट येईपर्यंत वैशाली खिडकीबाहेर बघत होती. मी म्हटलं, "काय झालं?"

"काही नाही रे," ती म्हणाली. "तो ट्रे पडला ना मघाशी, तेव्हा मी ओरडणारच होते, काका, मरू नका."